मला सरळ शिवलं तेव्हा

मित्रांनो, मी एक जुनी कादंबरी आहे. पनवेलच्या एका वाचनालयात, खिडकीकडून तिसऱ्या कपाटात, खालून दुसऱ्या फळीवर माझी जागा आहे. माझं नाव 'ओसरत्या पाण्याची गोष्ट'. नाव जरा लांबलचक आहे खरं, म्हणून इथे सगळे मला नुसतं 'ती उलटी कादंबरी' म्हणतात. म्हणोत बापडे! पूर्वी मी रागवायचे, आता सवय झाली आहे.

उलटी म्हणजे काय ते आधी सांगते, नाहीतर पुढचं काहीच कळायचं नाही. तुमच्या इतर कादंबऱ्या पहिल्या प्रकरणापासून सुरू होतात. माझं पहिलं पान उघडलंत की वर ठळक अक्षरांत दिसतं, 'प्रकरण सतरावे'. मग सोळावे, मग पंधरावे, असं उतरत उतरत अगदी शेवटी येतं 'प्रकरण पहिले'. माझ्या पोटात बाळाराम आणि चांगुणा नावाचं एक जोडपं राहतं, खाडीकाठच्या मिठागरावर राबणारं. सतराव्या प्रकरणात बाळाराम वारतो. सोळाव्यात तो आजारी असतो, पण बोलत असतो. बाराव्यात मिठागर बंद पडतं, नवव्यात दोघांचं कडाक्याचं भांडण होतं, चौथ्यात पहिली मुलगी जन्मते, दुसऱ्यात लग्न लागतं, आणि पहिल्यात ती दोघं एकमेकांना पहिल्यांदा बघतात. तिथे मी संपते.

मला लिहिलं शशिकलाबाईंनी. त्या पनवेलच्याच, शाळेत मराठी शिकवायच्या. आयुष्यात त्यांनी एकच पुस्तक लिहिलं, ते म्हणजे मी. निवृत्त झाल्यावर तीन वर्षं त्या फुलस्केप कागदांवर मला लिहीत होत्या आणि खोडत होत्या. मग मी छापखान्यात गेले आणि तिथे पहिला वाद झाला. छापखान्याचे मालक म्हणाले, "बाई, प्रकरणं सतरावरून खाली येतायत आणि पानांचे आकडे एकपासून वर चढतायत. हे डोळ्यांना कसंतरीच दिसतं."

"मग पानांचे आकडेही उतरते घाला," शशिकलाबाई म्हणाल्या.

मालकांनी सरळ हात जोडले. "उतरते आकडे घातले तर कामगार माझ्या डोक्यावर बसतील," म्हणाले. दोन दिवस हे गुऱ्हाळ चाललं आणि शेवटी तोडगा निघाला तो असा, की पानांना आकडेच घालायचे नाहीत. उलट क्रम का, हे सांगणारी दोन ओळींची सूचना तरी सुरुवातीला द्या, असंही मालक म्हणाले. बाई म्हणाल्या, "वाचणाऱ्याला कळेल." कळेल म्हणे! बाई आता या जगात नाहीत, म्हणून जास्त बोलत नाही. पण मित्रांनो, माझ्या आयुष्यातला पुढचा सगळा घोळ त्या न घातलेल्या आकड्यांमुळे झाला.

वाचनालयात आले तेव्हा मी कोरी करकरीत होते. ग्रंथपाल वसुंधराताईंनी माझ्या पहिल्या पानावर जांभळा शिक्का मारला, पाठीवर नंबराची चिठ्ठी चिकटवली आणि मला दारासमोरच्या 'नवीन पुस्तके' या मांडणीवर ठेवलं. पहिल्या आठवड्यातच मला घरी नेलं गेलं. पहिल्या आठवड्यातच मी परतही आले, आणि येताना मागच्या पुठ्ठ्याच्या आतल्या कोऱ्या बाजूवर पेन्सिलीने लिहिलेला एक शेरा घेऊन आले : 'पाने चुकीच्या क्रमाने लागली आहेत. ग्रंथपालांनी लक्ष द्यावे.'

पुस्तकात लिहू नये, अशी पाटी वाचनालयात तीन ठिकाणी आहे. पण आपल्या वाचकांना कोरी जागा दिसली की हात शिवशिवतात. त्या शेऱ्याखाली दुसऱ्या कोणीतरी लिहिलं : 'चुकीची नाहीत. नीट वाचा.' त्याखाली पहिल्याच हस्ताक्षरात उत्तर आलं : 'नीट वाचली. तरी चुकीचीच.' मग काय, दर महिन्याला भर पडत गेली. 'नायक पहिल्याच पानावर मेला. आता उरले काय?' 'फार वर्षांनी असे काही वाचले.' 'डोके दुखले.' 'शेवटच्या पानावर मी खूप रडले. का ते सांगता येत नाही.' आणि त्याच्या शेजारी, बाण काढून : 'रडण्यासारखे काय आहे? शेवटी सगळे जिवंत आहेत की!'

वसुंधराताई वरवर चिडायच्या. पण दुपारी चहा आला की मला हळूच मागून उघडायच्या, नवीन काय आलंय ते वाचायच्या आणि एकट्याच हसायच्या.

माझ्या विरोधकांचे म्होरके म्हणजे उदयसिंहकाका. वीज मंडळातून निवृत्त झालेले, रोज सकाळी नऊ वाजता वाचनालयात हजर. माणूस वाईट नाही हो. पण शिस्तीचा भारी. मला त्यांनी अर्धवट वाचून काउंटरवर आपटलं होतं, ती खूण माझ्या एका कोपऱ्यावर अजून आहे. म्हणाले, "वसुंधराताई, पंगतीत आधी विडा दिला आणि मग वरणभात वाढला, तर चालेल का तुम्हाला?"

"काका, तुम्ही जुना अल्बम कधी मागून चाळत नाही का?"

"तो मी कसाही चाळीन. तो माझ्या घरचा अल्बम आहे. ही बाई आणि हा बाप्या माझे कोण लागतात?"

वसुंधराताईंनी माझा कोपरा बोटाने दाबून सरळ केला आणि मला मांडणीवर परत ठेवलं. 

वर्षं गेली. शशिकलाबाई वारल्या. नवीन पुस्तकं आली, मला दारासमोरून तिसऱ्या कपाटात हलवलं. लोक पुस्तकं कमी न्यायला लागले. कधीकधी सहा-सहा महिने मला कोणाचा हात लागायचा नाही. पनवेलची दमट हवा तुम्हाला ठाऊक आहेच. मी शिवलेली नव्हते, नुसत्या गमाने चिकटवलेली होते. तो गम आतल्या आत सुकून कडक झाला, त्याला भेगा पडल्या. बाहेरून मी धडधाकट दिसायचे. आतून माझं एकेक पान मला सोडायला निघालं होतं, आणि ते माझ्याशिवाय कोणालाच माहीत नव्हतं.

अशा दिवसांत मला जवळच्या कोन गावातल्या मिताली नावाच्या एका शिक्षिकेनं घरी नेलं. मागच्या पुठ्ठ्यावर 'मिठागर' हा शब्द वाचला आणि सासरचे लोक पूर्वी मिठागरावर होते, एवढ्याच कारणाने. घर चांगलं मोठं, दुमजली, जमिनीचे पैसे आल्यावर बांधलेलं. मितालीला शाळेच्या पेपरांतून वेळ मिळेना. मी सोफ्यावर पडून राहिले. आणि तिथे मला उचललं तिच्या सासूबाईंनी, वेणूमावशींनी.

वेणूमावशी चौथीपर्यंत शिकलेल्या. अक्षराखाली बोट ठेवून, मोठ्याने, एकेक शब्द उच्चारत वाचणाऱ्या. त्यांचे यजमान गेल्याला तेव्हा वर्ष होत आलं होतं. नवरा-बायको दोघांनी पंचवीस वर्षं एकाच मिठागरावर काढली होती. त्यांनी मला उघडलं आणि पहिल्याच पानावर बाळाराम मेला. मावशींनी मला मिटलं. दोन दिवस माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. मला वाटलं, संपलं, आता परत कपाटात. पण तिसऱ्या दिवशी दुपारी त्या स्वतःशीच पुटपुटल्या, "मेला तर मेला. पुढं ती बाई काय करते ती तरी बगू," आणि मला घेऊन ओटीवर बसल्या.

सतरावं प्रकरण संपायला त्यांना आठवडा लागला. मग सोळावं उघडलं आणि त्या दचकल्या.

"मिताली, ए मिताली! अगो, यो बोलतंय!"

"कोण बोलतंय, आई?"

"यो बालाराम. मेलेला ना? चाय मागतंय बायकोकडं!"

मितालीने पान पाहिलं आणि तिच्या लक्षात आलं. "आई, ही गोष्ट उलटी लिहिली आहे. पुढे वाचत जाल तसतशी ती मागे मागे जाते."

 मावशींनी पानावरचं बोट न उचलता विचारलं, "मंजे यो बरा व्हनार?"

"बरा होणार. मग तरुण होणार."

मित्रांनो, इतकी वर्षं लोकांनी माझ्यावर वाद घातले. शैली म्हणाले, प्रयोग म्हणाले, वेळेचा अपव्यय म्हणाले. 'मंजे यो बरा व्हनार?' असं मला कोणी विचारलं नव्हतं. त्या दिवशी मला स्वतःचा अर्थ पहिल्यांदा कळला म्हटलंत तरी चालेल.

मग मावशींनी घाई सोडली. दिवसाला एक पान, फार तर दोन. बाळारामच्या पायांतली सूज उतरली. त्याच्या हातांत परत जोर आला. बारावं प्रकरण आलं तेव्हा मावशींनी माझ्यातली एक चूकही काढली. "मीठ असं कोन ओढतंय? या बाईनं मीठ लांबून बगितलेलं दिसतंय," म्हणाल्या. मी शशिकलाबाईंच्या वतीने मान खाली घातली. नवव्या प्रकरणातल्या भांडणात मावशींनी बाळारामला शिव्या घातल्या आणि आठव्यात माफ करून टाकलं. वाचता वाचता त्या मधेच थांबायच्या आणि म्हणायच्या, "आमचा मानूस पन असाच." मग पुन्हा अक्षरावर बोट ठेवायच्या. मितालीने माझी मुदत किती वेळा वाढवून आणली, ते मला आठवत नाही.

चौथं प्रकरण त्यांनी जेमतेम सुरू केलं होतं. चांगुणेला कळा सुरू झाल्या होत्या. मावशींनी मला जरा जास्त उघडलं आणि माझी पाठ कडकन मोडली. पानं सुटली ती सगळीच. वर पंखा फिरत होता. ओटीभर पानं उडाली. मावशींनी पंखा बंद केला, गुडघ्यांवर बसून एकेक पान वेचलं, दोन दिवस खपून प्रकरणागणिक गठ्ठे जुळवले आणि सगळं एका सुती फडक्यात बांधून वाचनालयात आणलं. त्यांचा चेहरा पडला होता.

"बाय, माज्या हातात पुस्तक मेलं."

वसुंधराताईंनी फडकं सोडून पाहिलं. "मावशी, पुस्तक कुठे मेलंय? गम मेलाय. आपण बांधून घेऊ."

"माजी चार र्‍हायलीत. चौथा, तिसरा, दुसरा, पयला. तवर कोनाला देऊ नको."

"आधी तुम्हालाच देईन," वसुंधराताईंनी शब्द दिला.

वाचनालयाची बांधणी भगवानदादा करतात. तळ्यामागच्या गल्लीत त्यांची एक खोली आहे. शाळांची रजिस्टरं, देवळांतल्या भजनाच्या वह्या, कुणाच्या घरची जुनी पोथी, सगळं त्यांच्या हाताखालून जातं. हात असा, की कागदाला दुखत नाही. मी त्यांच्या चटईवर पडले तेव्हा मला फार बरं वाटलं. त्यांनी माझा जुना गम खरवडला, पानांच्या दुमडलेल्या कडा बोटाने सरळ केल्या. पण भगवानदादांची एक रीत आहे. ते पुस्तक बांधतात, वाचत नाहीत. वाचत बसलो तर काम व्हायचं नाही, असं त्यांचं म्हणणं. ते बघतात फक्त आकडे. पानांचे आकडे त्यांना सापडेनात, म्हणून त्यांनी प्रकरणांचे पाहिले.

सगळ्यात वर सतरा. सगळ्यात खाली एक.

"आयला," भगवानदादा म्हणाले, "छापखानेवाल्यांनी झोपंत काम केलाय."

 दादांनी सतरा गठ्ठे चटईवर ओळीने मांडले. मग एकचा गठ्ठा उचलून सगळ्यात वर ठेवला, त्याखाली दोन, त्याखाली तीन. अहो दादा, थांबा! तुम्ही काय करताय ते तुम्हाला ठाऊक नाही! पण मी ओरडणार कशी? माझ्या पोटातली माणसं पानोपानी बोलतात, आणि मला स्वतःला तोंड नाही. त्यांनी टोच्याने भोकं पाडली, जाड दोऱ्याने मला शिवलं, नवे पुठ्ठे लावून पाठीवर हिरवं कापड चढवलं, खळीचा हात फिरवून दाबाखाली ठेवलं. शिवण इतकी सुरेख, की तक्रार करायला जागा नव्हती. फक्त मी आता पहिल्या भेटीने सुरू होत होते आणि मरणाने संपत होते.

मला परत देताना दादा अभिमानाने म्हणाले, "ताई, छापखान्याची एवरी मोटी चूक इतकी वर्सा कोनाच्या ध्यानात आली नाय. मी नीट करून आनलीय." वसुंधराताई त्या वेळी फोनवर होत्या. कोणीतरी वार्षिक तपासणीला येणार होतं. त्यांनी माझं हिरवं कापड पाहिलं, मान डोलावली आणि म्हणाल्या, "छान झालं, दादा."

मावशींना निरोप गेला. पण त्या माहेरी आपट्याला गेल्या होत्या, यायला दहा दिवस लागणार होते. तेवढ्यात मी उदयसिंहकाकांच्या नजरेला पडले. नवं कापड पाहून त्यांनी मला सहज उघडलं. वर लिहिलं होतं, 'प्रकरण पहिले'. काका खुर्चीत सावरून बसले. चार सकाळी वाचनालयातच बसून त्यांनी मला संपवलं. चौथ्या सकाळी त्यांनी चष्मा काढून पुसला.

"वसुंधराताई, नवी आवृत्ती आणलीत ते फार चांगलं केलंत. आता कशी माणसात आली!"

वसुंधराताईंना वाटलं, काका नव्या बांधणीबद्दल बोलतायत. शेवटी पटलं एकदाचं काकांना, म्हणून त्या खूश. काकांनी रोजच्या चार मंडळींना सांगितलं, त्यांनी आणखी चौघांना. काउंटरवर माझ्यासाठी नावं लागली. आयुष्यात पहिल्यांदा! खोटं कशाला बोलू मित्रांनो, मला ते आवडलं. 'आता समजते', 'आता ओघ आहे', असं माझ्याबद्दल कोणी म्हणालं की मी हिरव्या कापडात फुगायचे. आत काहीतरी टोचत होतं, पण कौतुकाच्या भरात मी तिकडे कानाडोळा केला.

मग मावशी आल्या आणि मला घेऊन गेल्या.

ओटीवर बसून त्यांनी चौथं प्रकरण शोधलं. कळा सुरू झालेली चांगुणा त्यांची वाटच बघत होती. मुलगी झाली, बाळारामने गावात गूळ वाटला. पाच दिवसांनी मावशींनी प्रकरण संपवलं, पदर नीट केला आणि पुढचं पान उलटलं. पुढे लग्नानंतरचे पहिले दिवस येणार होते. तिथे लिहिलं होतं, 'प्रकरण पाचवे'.

त्यांना वाटलं, आपल्याला आकडा नीट लागला नाही. वाचायला लागल्या. मुलगी चालायला लागलेली. हे तर त्यांनी वाचलं होतं. त्यांनी घाईघाईने पुढची पानं चाळली. सहावं. नववं, ते भांडण. बारावं. बाळारामचे केस पिकायला लागले. त्यांनी मला शेवटी उघडलं आणि शेवटच्या प्रकरणात बाळाराम पुन्हा तिरडीवर होता.

मावशींनी मला ओटीवर पालथं ठेवलं.

"मिताली," त्यांनी आत हाक मारली, "यो परत मेला गो."

त्यांचा तो आवाज ऐकला आणि माझं सगळं फुगणं उतरलं. मला इतकी लाज कधी वाटली नव्हती.

दुसऱ्या दिवशी सकाळी मावशी वाचनालयात. वसुंधराताईंनी मला उघडलं, पहिलं पान पाहिलं, शेवटचं पाहिलं आणि कपाळावर हात मारला. "अहो, मी बघितलंच नाही! दादा काहीतरी सांगत होते आणि मी फोनवर..." त्यांनी लगेच भगवानदादांना बोलावून घेतलं. उदयसिंहकाका पेपर ठेवून उठून आले. मंडळी जमली.

"यात चूक काय झाली?" काका म्हणाले. "भगवानने उपकार केलेत. इतकी वर्षं लोक ओरडत होते, आता कुठे पुस्तक वाचण्यासारखं झालंय. नावं लागलीयत त्याला!"

"एकाच्या आदी सतरा कुठं असतात काय?" भगवानदादा गोंधळून म्हणाले. "तीस वर्सा बांधनी करतोय मी."

"मना व्हता तसा बांधून द्या," मावशी म्हणाल्या.

भगवानदादांनी मला हातात घेऊन शिवण तपासली. "ताई, परत उसवायचा मंजे जोखीम हाय. कागद जुना झालाय. नवी भोकं पडली तर आतला समास जायेल, अक्षरं शिवणीत बुडतील. कदाचित पानं फाटतील पन."

वसुंधराताई विचारात पडल्या. माझी दुसरी प्रत कुठे नाही, हे त्यांना ठाऊक होतं. लिहिणारीला विचारावं तर ती राहिली नाही. इकडे नावं लावलेले आठ वाचक, आणि तिकडे या एकट्या मावशी.

काकांना मार्ग सापडला. ते मावशींना समजुतीने म्हणाले, "अहो ताई, तुमची तीनच प्रकरणं राहिलीत ना? मग या पुस्तकातच उलट वाचा. आधी तिसरं काढा, मग दुसरं, मग पहिलं. शब्द तर तेच आहेत. उसवायचं कशाला?"

सगळ्यांनी माना हलवल्या. बोलणं बरोबरच होतं. मलाही पटलं होतं, कारण मला उसवून घ्यायचं नव्हतं.

 मावशींनी मला टेबलावरून उचललं, पहिलं प्रकरण जिथे संपतं तिथे उघडलं आणि उजव्या हाताखालचा जाड गठ्ठा काकांना दाखवला.

"भाऊ, यो बगा. पयला वाचून संपला, तरी माज्या हाताखाली एवरी पानं र्‍हातात. या पानांत तो म्हातारा व्हतो. त्यान तो मरतो. मी वाचलं नाय तरी तो त्यान मरूनच पडलेला असतो. पयल्यासारखं असलं ना, तर पयला संपला की हाताखाली कायच नसतं. पुठ्ठाच. मंग तो मरनार कुठं?"

 मावशींनी मला मिटलं आणि टेबलावर ठेवलं.

"माजा मानूस गेला तवा मी त्याला सांगत व्हती, जरा थांब. नाय थांबला. यो तरी थांबू दे."

वसुंधराताईंनी डोळ्यांना पदर लावला. उदयसिंहकाका खिडकीकडे गेले, बाहेर बघत उभे राहिले, आणि तिथूनच, पाठ फिरवून, म्हणाले, "बांधा, भगवान. जसं होतं तसं बांधा." मग लगेच वळून म्हणाले, "पण माझं मत बदललेलं नाही हां. गोष्ट अशी सांगत नाहीत. हे मी लिहून द्यायला तयार आहे!"

"लिहू नका, काका," वसुंधराताई म्हणाल्या. "पुस्तकात लिहायला मनाई आहे."

आणि मी? मित्रांनो, मला भीती होतीच. पण मावशींचं बोलणं ऐकल्यावर मला वाटलं, पानं फाटली तर फाटोत, मला उसवा.

भगवानदादांनी चार दिवस माझ्यावरच काम केलं. बाकीची रजिस्टरं बाजूला ठेवली. दोरा कापला नाही, एकेक टाका सुईने सैल करून काढला. मग गठ्ठे पुन्हा सतरापासून लावले आणि नवी भोकं न पाडता, जुन्याच भोकांतून दोरा ओवला. तरी माझी तीन पानं फाटली, ती त्यांनी पातळ कागदाने सांधली. काही ओळींची शेवटची अक्षरं शिवणीत गेलीच. काम संपल्यावर दादांनी पहिल्यांदाच रीत मोडली. क्रम बरोबर आहे ना, हे बघण्याच्या निमित्ताने त्यांनी माझं शेवटचं प्रकरण वाचलं. मग ते पुन्हा वाचलं. आणि मला द्यायला स्वतः कोनला गेले.

मावशींनी तिसरं, दुसरं आणि पहिलं प्रकरण सावकाश, वीस दिवसांत वाचलं. शेवटच्या दुपारी मिताली शेजारी येऊन बसली होती. बांधावर वीस वर्षांचा बाळाराम उभा होता. त्याने समोरून येणाऱ्या मुलीकडे प्यायला पाणी मागितलं. तिने हंडा खाली उतरवला. तिथे अक्षरं संपली. मावशींनी पान उलटलं. पुढे भगवानदादांचा नवा, जाड पुठ्ठा होता. त्यावरून त्यांनी दोनदा हात फिरवला.

"पुढं काय नाय," त्या मितालीला म्हणाल्या. मग हसल्या. किती दिवसांनी हसल्या ते मितालीच्या चेहऱ्यावरून मला कळलं. "पुढं कायच नाय गो. यो हाय."

तर अशी माझी कहाणी. आता मी पुन्हा तिसऱ्या कपाटात आहे. नावं लावलेल्या आठांपैकी तिघांनी मला नेलं, दोघांनी नाकं मुरडली, एक बाई दोनदा वाचून गेल्या. उदयसिंहकाका मला कपाटात बघतात तेव्हा अजून "विडा आधी, भात नंतर" असं पुटपुटतात. पुटपुटोत. ज्याला मी आवडत नाही त्याच्यावर माझा राग नाही. मी सुखात आहे.

एवढंच मागणं आहे, मित्रांनो. मला उघडाल तेव्हा दोन्ही हातांनी, हळूच उघडा, कारण माझी थोडी अक्षरं शिवणीत बुडाली आहेत आणि ती दिसायला जरा मान वाकवावी लागते. मला अर्धवट टाकलंत तरी हरकत नाही, चार माणसांत नावं ठेवलीत तरी चालेल. पण माझी पानं तुम्हाला चुकीची लागलेली वाटली आणि नीट करावीशी वाटली, तर सुई उचलण्याआधी आसपास एकदा विचारा. कोणीतरी अजून चौथ्या प्रकरणात असेल.